बोर्दोहून एका दिवसाची द्राक्षमळ्यांची सहल: सँतेमिलियों गावात काय बघायचं आणि काय राहून जातं?

फ्रान्समधल्या बोर्दो शहरात उतरलेल्या पर्यटकाला हॉटेलच्या काउंटरवर एक माहितीपत्रक हमखास दिसतं. सकाळी निघायचं, सात-आठ जणांच्या छोट्या गाडीतून द्राक्षमळे पाहायचे, दोन ठिकाणी वाइन चाखायची, मध्ये एका मध्ययुगीन गावात फेरफटका मारायचा आणि संध्याकाळी परत. हे गाव बहुतेक वेळा एकच असतं, ते म्हणजे सँतेमिलियों. इंग्रजी नकाशांवर ते सेंट एमिलियन या नावाने सापडतं.

फ्रान्समध्ये अशा सहली इतरही भागांत निघतात. स्ट्रासबुर्ग किंवा कोल्मारहून आल्झासच्या वाइन रस्त्यावर रिकविर आणि एगिसहाइम ही गावं दाखवतात. आव्हिन्योंहून पोपच्या पडक्या वाड्याच्या पायथ्याशी असलेलं शातोनफ-द्यू-पाप दाखवतात. पण गाव आणि मळे यांचा इतका घट्ट संबंध क्वचितच कुठे बघायला मिळतो.

सँतेमिलियों बोर्दोच्या पूर्वेला साधारण ३५ ते ४० किलोमीटरवर आहे. वस्ती दोन हजारांच्या आतबाहेर. १९९९ साली हे गाव आणि त्याच्या जुन्या अधिकारक्षेत्रातली शेजारची गावं, अशा एकूण आठ गावांचा परिसर युनेस्कोच्या जागतिक वारसा यादीत गेला. द्राक्षशेतीचा एखादा प्रदेश 'सांस्कृतिक भूप्रदेश' म्हणून या यादीत येण्याची ती पहिलीच वेळ होती.

सहलीहून परतलेले लोक सहसा दोन गोष्टी सांगतात. वाइन छान होती आणि गाव फार सुंदर होतं. या दोन्ही गोष्टी एकाच दगडातून निघाल्या आहेत, हे मात्र अनेकांच्या लक्षातच येत नाही. कारण तो दगड पायाखाली असतो आणि बऱ्याचशा सहली जमिनीखाली उतरतच नाहीत.

गाव ज्या दगडावर उभं आहे तो दगड

सुमारे तीन कोटी वर्षांपूर्वी या भागात उथळ समुद्र होता. त्याच्या तळाशी शिंपल्यांचा आणि तारामाशांच्या कवचांचा चुरा साठत गेला आणि त्याचा चुनखडीचा जाड थर बनला. फ्रेंच भूगर्भतज्ज्ञ या थराला तारामाशांचाच चुनखडक म्हणतात. सँतेमिलियोंचं पठार याच थराचं आहे.

हा दगड मऊ असतो. खाणीतून काढताना तो करवतीने कापता येतो आणि उघड्यावर राहिला की कडक होत जातो. बांधकामाला यापेक्षा सोयीचा दगड मिळणं कठीण. त्यामुळे मध्ययुगापासून थेट १९ व्या शतकापर्यंत पठाराच्या पोटातून दगड काढला गेला. गावातली घरं, तटबंदी आणि चर्च त्यातूनच उभी राहिली. शिवाय जवळच्या दोर्दोन्य नदीतून हा दगड होड्यांवर लादून बोर्दोला नेला गेला. बोर्दोच्या नदीकाठी दिसणाऱ्या १८ व्या शतकातल्या देखण्या पिवळसर इमारती अशाच चुनखडीच्या आहेत.

दगड गेला, पोकळी राहिली. आज गावाखाली आणि भोवतालच्या मळ्यांखाली बोगद्यांचं मोठं जाळं आहे. काही ठिकाणी ते एकावर एक अशा मजल्यांतही आहेत. आत वर्षभर हवा गार आणि दमट असते, तापमानात फारसा चढउतार होत नाही. वाइन मुरवायला नेमकं असंच वातावरण लागतं. म्हणून खाणी बंद पडल्यावर त्यांची तळघरं झाली. वर वेल, खाली त्याच वेलाची वाइन पिंपात, आणि मध्ये काही मीटर दगड, अशी रचना इथल्या काही मळ्यांत अक्षरशः पाहायला मिळते. वेलींची मुळं बोगद्याच्या छतातून खाली डोकावताना दिसतात, अशाही जागा आहेत.

वेलालाही या दगडाचा फायदा होतो. हा चुनखडक स्पंजासारखा पाणी धरतो आणि उन्हाळ्यात ते हळूहळू सोडतो. बोर्दोच्या नामांकित वाइनच्या नियमांनुसार फळधारणेच्या वेलींना सहसा पाणी देता येत नाही. ठिबकवर बाग जोपासणाऱ्या महाराष्ट्रातल्या बागायतदाराला हे ऐकून नवल वाटेल, पण इथे पावसाचं पाणी आणि दगडातली ओल यांवरच भागवावं लागतं. म्हणूनच कोरड्या उन्हाळ्यात पठारावरची आणि उतारावरची जमीन सोन्याच्या भावाची ठरते, तर खाली दोर्दोन्यच्या काठची वाळूची जमीन त्या मानाने स्वस्त. वायव्येला, पॉमरॉलच्या शिवेजवळ, एक पट्टा गोटे आणि रेती यांचा आहे. शातो शव्हाल ब्लां आणि शातो फिजाक ही प्रसिद्ध नावं या पट्ट्यातली.

डोंगर पोखरून केलेलं चर्च

गावाचं नाव एमिलियों नावाच्या एका ख्रिस्ती साधूवरून पडलं. परंपरेनुसार तो ब्रिटनीतल्या व्हान गावचा. आठव्या शतकात तो इथे आला, एका गुहेत राहिला आणि ७६७ मध्ये वारला. त्याची म्हणून दाखवली जाणारी गुहा आजही आहे. आत एक झरा आहे आणि दगडात कोरलेलं एक आसन. त्या आसनावर बसल्याने मूल होतं अशी समजूत असल्याने, वाइन चाखायला आलेल्या गटातलं कुणी ना कुणी तिथे हसत-हसत का होईना, बसतंच.

साधूच्या मागे भिक्षूंचा मठ आला आणि ११ व्या-१२ व्या शतकात त्यांनी डोंगरात एक आख्खं चर्च कोरलं. लांबी सुमारे ३८ मीटर, उंची सुमारे १२ मीटर. मराठी वाचकाला एकाश्म म्हटलं की वेरूळचं कैलास लेणं आठवतं. पण इथली पद्धत वेगळी आहे. कैलास बाहेरून, वरून खाली कोरत आणलं. हे चर्च कार्ल्याच्या चैत्यासारखं आतून पोखरलं आहे. म्हणजे खांब उभारलेले नाहीत, ते शिल्लक ठेवलेले आहेत. फरक इतकाच की कार्ल्याला अंगात बेसाल्ट आहे आणि इथे मऊ चुनखडी.

हा फरक साधा नाही. चर्चच्या छतावर, म्हणजे बाहेरून पाहिलं तर गावाच्या वरच्या चौकात, १२ व्या शतकापासून टप्प्याटप्प्याने एक घंटाघर बांधत नेलं. ते ६८ मीटर उंच आहे. त्याचं हजारो टनांचं ओझं थेट खालच्या पोकळीतल्या खांबांवर येतं. चुनखडी पाणी शोषते आणि ओली झाली की कमजोर होते. पिढ्यान्‌पिढ्या पाणी झिरपून हे खांब इतके खचले की १९९० च्या दशकात त्यांना लोखंडी आधार बांधावे लागले. आज आत गेल्यावर कोरीवकामाच्या आधी नजरेत भरतात ते हेच आधार. काहींना ते विद्रूप वाटतात. पण ज्या गुणामुळे इथला वेल उन्हाळ्यात तगतो, त्याच गुणामुळे इथलं चर्च खचतं, हे त्यांच्याकडे पाहून जितकं स्पष्ट होतं तितकं कुठल्याही तळघरात होत नाही.

चर्च खासगी मालकीचं आहे आणि आत एकट्याने जाता येत नाही. गावच्या पर्यटन कार्यालयाकडून वाटाड्यासह फेरी निघते. फ्रेंच आणि इंग्रजी भाषांत ती असते आणि पाऊण तासाच्या आसपास वेळ लागतो. त्यातच साधूची गुहा, शेजारचं छोटं त्रिनिते चॅपल आणि दफनगुहा दाखवतात. बोर्दोहून येणाऱ्या अनेक सहलींत ही फेरी धरलेली नसते. 'गावात मोकळा वेळ' असं लिहिलेलं असेल, तर त्याचा अर्थ तेवढाच घ्यायचा. चालक-वाटाड्या चौकात सोडतो, तासाभराने पुन्हा भेटतो. फ्रान्समध्ये संग्रहालयं आणि ऐतिहासिक वास्तूंमध्ये व्यावसायिक वाटाड्या म्हणून काम करायला वेगळा सरकारी परवाना लागतो, आणि मळे दाखवणाऱ्या प्रत्येकाकडे तो असतोच असं नाही.

इंग्लंडच्या राजाची सनद

११५२ मध्ये आकितेनची वारस एलिनॉर हिने हेन्री प्लांटाजेनेटशी लग्न केलं. दोन वर्षांत तो इंग्लंडचा राजा झाला आणि हा सगळा मुलूख पुढची तीन शतकं इंग्रजांच्या राज्याला जोडला गेला. वाइनच्या धंद्याच्या दृष्टीने ही सोयरीक फार मोलाची ठरली. इंग्लंडला वाइन हवी होती, बोर्दोकडे ती होती आणि वाटेत समुद्र होता.

११९९ मध्ये इंग्लंडचा राजा जॉन याने सँतेमिलियोंला सनद दिली. त्यानुसार गावातल्या प्रतिष्ठितांची 'झुराद' नावाची सभा कारभार पाहू लागली. तिच्या अधिकारात वाइनही होती. पिंपांवर तापलेल्या लोखंडाने गावाची मुद्रा उठवणं, निकृष्ट माल नष्ट करणं, तोडणी कधी सुरू करायची ते जाहीर करणं, ही सगळी कामं तिच्याकडे होती. आज लेबलवर दिसणाऱ्या भौगोलिक मानांकनाचं हे फार जुनं रूप.

१४५३ मध्ये इथून जवळच असलेल्या कास्तियों गावाजवळ इंग्रजांचा पराभव झाला आणि शंभर वर्षांचं युद्ध संपलं. झुराद मात्र फ्रेंच राज्यक्रांतीपर्यंत चालू राहिली. १९४८ मध्ये तिला पुन्हा जिवंत करण्यात आलं, पण आता ती कारभार पाहत नाही. वाइनचा प्रचार करणारी मंडळी असंच तिचं स्वरूप आहे. सप्टेंबरमध्ये लाल झगे घालून ही मंडळी 'राजाचा बुरूज' म्हणून ओळखल्या जाणाऱ्या चौकोनी मनोऱ्यावर चढतात आणि तोडणीचा मुहूर्त जाहीर करतात. आता प्रत्येक मळा साखर मोजूनच तोडणी ठरवतो, त्यामुळे हा मुहूर्त नावापुरताच. सोहळा मात्र बघण्यासारखा असतो.

विहिरीतले फरारी

या पोकळ जमिनीचा आणखी एक उपयोग झाला, आणि तो वाटाडे सहसा घाईत सांगून टाकतात.

राज्यक्रांतीच्या काळात १७९३ मध्ये जिराँदँ गटाच्या पुढाऱ्यांना पॅरिसमधून पळ काढावा लागला. त्यांतला एक, गादे, सँतेमिलियोंचा होता. तो आणि त्याचे साथीदार लपतछपत इथे पोचले. गादेची नातेवाईक तेरेझ बुके हिने सात जणांना आपल्या घराच्या विहिरीतून जाता येणाऱ्या भुयारात लपवलं. त्यांत पॅरिसचा माजी महापौर पेत्यों होता, ब्युझो होता, बार्बारू होता. अन्न तुटपुंजं होतं आणि शेजाऱ्यांना संशय येऊ न देता सात तोंडं पोसायची होती. पुढे त्यांना तिथून निघावं लागलं. १७९४ च्या जूनमध्ये गादे, सॅल आणि बार्बारू बोर्दोत गिलोटिनखाली गेले. पेत्यों आणि ब्युझो यांचे मृतदेह शेतात सापडले. तेरेझ बुकेलाही सोडलं नाही, जुलैमध्ये तिचा शिरच्छेद झाला. सातांपैकी लुव्हे हा एक जण वाचला आणि त्याने पुढे आठवणी लिहिल्या.

मळ्यात गेल्यावर काय बघायचं?

पहिली गोष्ट म्हणजे 'शातो' या शब्दाने फसायचं नाही. त्याचा शब्दशः अर्थ गढी किंवा राजवाडा असला तरी बोर्दोत शातो म्हणजे वाइन बनवणारा मळा. तिथे मनोऱ्यांचा वाडा असू शकतो, तसंच पत्र्याची शेड आणि कुत्रा बांधलेलं साधं घरही असू शकतं. लहान घरगुती मळ्यावर मालक किंवा मालकीण स्वतः भेटते आणि गप्पा जास्त खऱ्या होतात. मोठ्या नावाच्या शातोत वास्तुविशारदाने बांधलेलं तळघर दिसतं आणि गप्पा ठरलेल्या असतात.

वेली पाहून नाशिक-सांगलीकडच्या माणसाला प्रथम वाटतं की या अजून लहान आहेत. इथे मांडव नाही. वेल कमरेएवढी, घड गुडघ्याच्या उंचीवर, ओळी दाट. हेक्टरी पाच-सहा हजार वेली सहज असतात. जमिनीजवळ घड ठेवला की दिवसा तापलेल्या मातीची ऊब त्याला मिळते. आपल्याकडे एप्रिलमध्ये खरड छाटणी आणि ऑक्टोबरच्या सुमाराला फळछाटणी अशी वर्षातून दोनदा वेल छाटावी लागते, कारण थंडीअभावी तो झोपतच नाही. इथे वेल हिवाळाभर निष्पर्ण उभा असतो, छाटणी एकदाच होते आणि तोडणी सप्टेंबर-ऑक्टोबरमध्ये. मुख्य वाण मेर्लो, त्याच्या जोडीला काबर्ने फ्रां.

प्रत्येक वेल कलमाचा आहे. १९ व्या शतकाच्या उत्तरार्धात अमेरिकेतून आलेल्या फिलॉक्सेरा या मुळं खाणाऱ्या किडीने फ्रान्सचे मळे उद्ध्वस्त केले. अमेरिकी जंगली वेलींची मुळं त्या किडीला दाद देत नव्हती, म्हणून त्यांच्या खुंटावर फ्रेंच वाण बांधले गेले. महाराष्ट्रात डॉगरिज खुंटावर द्राक्ष बांधतात तोही मूळचा अमेरिकीच, फक्त आपल्याकडे कारण किडीचं नसून क्षार आणि पाणीटंचाईचं आहे.

अमेरिकी वेलींबरोबर डाऊनी हा रोगही आला. १८८० च्या दशकात बोर्दोच्या वायव्येकडच्या मेदोक भागात रस्त्याकडेच्या वेलींवर मोरचूद आणि चुना यांचं मिश्रण मारलेलं असे. हेतू रोग हटवण्याचा नव्हता. निळ्या डागांची द्राक्षं पाहून वाटसरूंनी ती तोडू नयेत, इतकाच होता. बोर्दो विद्यापीठातल्या मियार्दे या वनस्पतीशास्त्रज्ञाच्या लक्षात आलं की नेमक्या याच वेलींवर डाऊनी नाही. प्रयोग करून त्याने १८८५ मध्ये हा उपाय जाहीर केला. महाराष्ट्रातल्या कृषी सेवा केंद्रात आजही जे 'बोर्डो मिश्रण' मागितलं जातं, ते हेच. १०० लिटर पाण्यात १ किलो मोरचूद आणि १ किलो चुना टाकून एक टक्का बोर्डो बनवणाऱ्या कित्येकांना ते एका शहराचं नाव आहे याची कल्पनाही नसते.

ओळींच्या टोकाला गुलाबाची झुडपं दिसली तर त्यामागेही रोगच आहे. भुरी गुलाबावर आधी दिसते, त्यामुळे मळेवाल्याला इशारा मिळतो, असं सांगितलं जातं. आता हवामान केंद्रांच्या जमान्यात गुलाब बहुतेक छायाचित्रांसाठी उरले आहेत.

पेल्यात काय असतं?

चव घेण्याच्या कार्यक्रमात सहसा दोन-तीन वाइन थोड्या-थोड्या देतात. टेबलावर एक भांडं असतं. चव घेतल्यावर वाइन त्यात थुंकणं इथे असभ्य समजत नाहीत. उलट दिवसभरात सहा-सात वाइन चाखणारा जाणकार हेच करतो. आपल्या पिकदाणीचाच हा भाऊबंद.

तळघरातलं ओकचं पिंप २२५ लिटरचं असतं, म्हणजे ३०० बाटल्यांचं. ते एका वाइनसाठी नवं घ्यायचं की जुनं वापरायचं यावर चव आणि किंमत दोन्ही ठरतात. शाकाहारी पाहुण्यांनी एक प्रश्न जरूर विचारावा. तांबडी वाइन नितळ करण्यासाठी पिंपात अंड्यातला पांढरा भाग टाकण्याची बोर्दोत जुनी रीत आहे. तो तळाशी बसतो आणि वाइन वरून काढून घेतात. आता अनेक मळे पर्यायी पदार्थ वापरतात, पण सगळे नाही. गावातली प्रसिद्ध मॅकरून बिस्किटंसुद्धा बदाम, साखर आणि अंड्याचा पांढरा भाग यांचीच असतात. ही पॅरिसची रंगीत, मध्ये क्रीम भरलेली मॅकरून नव्हेत. ती साधी, तपकिरी, कागदाला चिकटलेली मिळतात आणि त्यांची कृती १७ व्या शतकात इथे आलेल्या उर्सुलीन जोगिणींची मानली जाते.

लेबल वाचताना सर्वांत जास्त गोंधळ होतो तो 'ग्रां क्रू' या शब्दांवर. सँतेमिलियोंमध्ये 'ग्रां क्रू' हे एक मानांकन आहे. उत्पन्नावर जरा कडक मर्यादा आणि जास्त मुरवण या अटी पाळल्या की ते मिळतं आणि शेकडो मळे ते लावतात. 'ग्रां क्रू क्लासे' म्हणजे वर्गवारीत निवडलेला मळा, आणि 'प्रमिए ग्रां क्रू क्लासे' म्हणजे त्याही वरचा. शेवटचा एक शब्द असणं-नसणं यात बाटलीची किंमत कित्येक पट बदलते. दुकानदार 'ग्रां क्रू आहे' असं म्हणाला तर पुढे 'क्लासे' लिहिलं आहे का, ते पाहावं.

या वर्गवारीची कहाणी भांडणांनी भरलेली आहे. बोर्दोची प्रसिद्ध १८५५ ची यादी बनली तेव्हा सँतेमिलियोंला त्यात जागाच मिळाली नाही, कारण इथला व्यापार लिबुर्नच्या बंदरातून चाले. १९५५ मध्ये सँतेमिलियोंने स्वतःची यादी केली आणि साधारण दर दहा वर्षांनी ती नव्याने करायची असं ठरलं. बढती आणि घसरण दोन्ही शक्य असल्याने कल्पना न्याय्य होती. पण घसरलेला मळा गप्प कसा बसेल? २००६ ची यादी न्यायालयात टिकली नाही, २०१२ च्या यादीवरूनही खटले झाले. २०२२ च्या यादीआधी शव्हाल ब्लां, ओझोन आणि आंजेल्युस या सर्वोच्च श्रेणीतल्या तीन मळ्यांनी आपली नावंच काढून घेतली. त्यामुळे आज एकूण ८५ मळे वर्गवारीत आहेत, त्यांपैकी १४ 'प्रमिए', आणि त्यातही सर्वोच्च 'ए' दर्जा फक्त पावी आणि फिजाक या दोघांकडे आहे. म्हणजे गावातली जगप्रसिद्ध तीन नावं आज गावच्याच यादीत नाहीत.

सहलीत न दिसणारी बाजू

घंटाघराच्या माथ्यावरून चौफेर वेलीच दिसतात आणि सगळं आलबेल असल्यासारखं वाटतं. प्रत्यक्षात बोर्दो परिसरातला वाइनचा धंदा अडचणीत आहे. फ्रान्समध्ये तांबडी वाइन पिणं कमी होत गेलं आहे आणि चीनची मागणीही पूर्वीसारखी राहिली नाही. २०२३ मध्ये बोर्दो भागातले सुमारे ९,५०० हेक्टर मळे उपटून टाकण्यासाठी हेक्टरी ६,००० युरो अनुदानाची योजना जाहीर झाली. सँतेमिलियोंचे नामांकित मळे या संकटापासून बरेच दूर आहेत. झळ बसते ती दोर्दोन्यच्या पलीकडे साधी, स्वस्त वाइन करणाऱ्यांना. पण सहलीची गाडी बोर्दोहून येताना त्या भागातून गेली, तर ओळींच्या मधे मोकळी पडलेली शेतं दिसू शकतात.

हवामानाचा फेराही आहेच. फेब्रुवारी १९५६ मधल्या कडाक्याच्या थंडीने इथल्या वेलीच मारल्या आणि पुनर्लागवडीत मेर्लो आणखी पसरला. आता उलटी चिंता आहे. उन्हाळा तापतो तसा मेर्लो लवकर पिकतो, साखर वाढते आणि वाइनमधला मद्यांश चढतो. त्यामुळे उशिरा पिकणाऱ्या काबर्ने फ्रांकडे अनेक मळे पुन्हा वळू लागले आहेत. वसंतातलं धुकं-दहिवर मात्र अजूनही घात करतं. एप्रिल २०१७ मध्ये एकाच आठवड्यात कोवळे फुटवे करपून अनेकांचं वर्ष वाया गेलं.

सहल ठरवताना

गाडी स्वतः चालवण्यापेक्षा वाटाड्यासह जाण्याचं मुख्य कारण सोपं आहे. फ्रान्समध्ये वाहन चालवताना रक्तात १०० मिलिलिटरमागे ५० मिलिग्रॅमपेक्षा कमी मद्य असावं लागतं. भारतातल्या ३० च्या मर्यादेपेक्षा ती सैल असली तरी तीन-चार पेल्यांनंतर ती ओलांडली जाते.

दुसरा मार्ग रेल्वेचा. बोर्दोच्या सँ-झाँ स्थानकातून सँतेमिलियोंला पोचायला ३५ ते ४० मिनिटं लागतात. स्थानक मळ्यांच्या मधोमध आहे आणि गाव तिथून वीसेक मिनिटं चालत. गाड्या मोजक्या असल्याने परतीची वेळ आधीच पाहून ठेवावी लागते. या मार्गाने गेल्यास सकाळी चर्चची भूमिगत फेरी, दुपारी गावाला लागूनच असलेल्या एखाद्या मळ्यात चव, असा दिवस स्वस्तात आणि निवांत होतो. मळ्यात जायचं तर वेळ आधी ठरवावी लागते, दार वाजवून आत जाता येत नाही. तोडणीच्या दिवसांत काही मळे पाहुणे घेत नाहीत आणि भर हिवाळ्यात गावातली बरीच दुकानं बंद असतात. मे-जून किंवा सप्टेंबरची सुरुवात सोयीची.

तयार सहल घ्यायची असेल, तर पैसे भरण्याआधी तीन गोष्टी विचारून घ्याव्यात. भूमिगत चर्चची फेरी धरली आहे का, दोन मळ्यांपैकी निदान एक घरगुती आहे का, आणि जेवण कुठे. पॅरिसहून एका दिवसात जाऊन येण्याच्या सहलीही विकल्या जातात. वेगवान रेल्वेने पॅरिस-बोर्दो अंतर दोन तासांवर आलं असलं, तरी त्यात गावासाठी फार थोडा वेळ उरतो.

पायात सपाट बूट हवेत. वरच्या आणि खालच्या गावाला जोडणाऱ्या 'तेर्त्र' नावाच्या गल्ल्या भलत्याच चढाच्या आहेत आणि त्यांतले दगड ओबडधोबड. वाइन पोचवून इंग्लंडहून रिकाम्या परतणाऱ्या जहाजांत तोल सांभाळायला हे दगड भरत, असं सांगतात. पाऊस पडला की त्यांवरून भलेभले घसरतात. आधारासाठी एका गल्लीत मधोमध लोखंडी कठडा बसवलेला आहे.

बाटल्या घरी आणायच्या असतील तर भारतात येताना प्रौढ प्रवाशाला दोन लिटरपर्यंत मद्य शुल्काविना आणता येतं, म्हणजे ७५० मिलिलिटरच्या दोन बाटल्या. त्या चेक-इन सामानातच द्याव्या लागतात, नाहीतर सुरक्षा तपासणीत तिथेच सोडून द्याव्या लागतात.